मधला माणूस

बार्शीहून कळंबकडे जाणारा रस्ता येरमाळ्याला सोलापूर-धुळे महामार्गाला भेटतो. तिथून हाकेच्या अंतरावर एक लहानसे दुकान आहे. पाटीवर एक नव्हे, दहा कामे लिहिलेली आहेत : सातबारा, आठ-अ, पीकविमा, उत्पन्नाचा दाखला, आधारला नंबर जोडणे, मोबाइलचे रिचार्ज, वीजबिल, रंगीत झेरॉक्स. आत एक संगणक, एक प्रिंटर, अंगठा टेकवायची काडेपेटीएवढी डबी आणि पंचविशीतला एक मुलगा. गावात त्याला सारे 'ऑनलाइनवाला' म्हणतात. त्याचे खरे नाव बहुधा त्याच्या आईलाच आठवत असेल.

गेल्या चैत्रात, येडाईची यात्रा उलगल्यानंतर, माझ्या मामांच्या वारसनोंदीचे कागद काढण्यासाठी मी त्या दुकानात बाकावर बसलो होतो. माझ्याबरोबर आणखी चौघे होते. तेवढ्यात एक म्हातारी आत आली. कमरेच्या पिशवीतून तिने रुमालात गुंडाळलेला मोबाइल काढला आणि देवापुढे नारळ ठेवावा तसा टेबलावर ठेवला.

"बाळा, सरकारचं पैसं आलं का बघ बरं."

मुलाने मोबाइल उघडला, बोटाने दोन-तीन संदेश वर सारले आणि म्हणाला, "आले होते, आज्जी."

'होते' हा शब्द त्याच्या तोंडून निसटला आणि तो थांबला. मी त्याच्या शेजारीच बसलो होतो. दुसऱ्याच्या मोबाइलमध्ये डोकावू नये हे मला ठाऊक आहे. पण अक्षर डोळ्यांपुढे आले की वाचून होते, त्याला परवानगी लागत नाही. सकाळी दोन हजार रुपये खात्यात जमा झाले होते आणि दुपारच्या आत कळंबच्या यंत्रातून ते काढलेले होते. म्हातारी कळंबला गेली नव्हती. कार्ड कोणाजवळ असते हे बाकावरच्या चौघांना ठाऊक असावे, कारण त्यांतला एक जण एकदम छताकडे पाहू लागला.

"आलं हुतं म्हंजी?" म्हातारीने विचारले.

"थांबा जरा, आज्जी. सर्व्हर चालंना."

सर्व्हर उत्तम चालत होता. त्याच क्षणी प्रिंटरमधून माझा सातबारा बाहेर येत होता.

त्या मुलाने खोटे सांगितले. ते त्याने का सांगितले हे मला कळले आणि मला त्याचा राग आला नाही. परंतु घरी येऊन अंथरुणावर पडल्यावर एक बत्तीस वर्षांपूर्वीचे खोटे आठवले. त्याचा राग मला आला होता आणि अजून पुरता गेलेला नाही. ही दोन खोटी शेजारी शेजारी ठेवून पाहावी असे तेव्हापासून मनात आहे.

माझे आजोळ येरमाळ्याचे. मामा तिथेच राहत. मावशी सास्तूरला दिलेली होती. सास्तूर तेव्हा उस्मानाबाद जिल्ह्याच्या उमरगा तालुक्यात होते; जिल्ह्याचे नाव धाराशिव झाले ते बरेच पुढे, २०२३ साली. मी नोकरीसाठी पुण्यात होतो. मामांच्या घरी फोन नव्हता. फोन कोणाच्याच घरी नव्हता म्हटले तरी चालेल. पण चौकात पिवळ्या पाटीचा एक बूथ निघाला होता. मामा आपला पत्ता कोणाला लिहून देत तेव्हा त्याखाली त्या बूथचा नंबर लिहीत आणि पुढे 'पी.पी.' अशी दोन अक्षरे घालीत. आजच्या मुलांना ही अक्षरे समजावून सांगावी लागतात. हा फोन माझा नव्हे, शेजारच्याचा आहे, तुम्ही लावलात तर तो मला बोलावून आणील, एवढा सगळा मजकूर त्या दोन अक्षरांत होता. दुसऱ्याच्या भलेपणावर आपला पत्ता उभा करायचा, आणि त्यात कोणाला कमीपणा वाटत नसे.

बूथवाल्याचे वय तेव्हा चाळिशीचे असेल. बूथला काचेचे एक खोपटे होते, पण त्याचे दार कधी नीट लागत नसे. आत उभा राहून माणूस मुंबईच्या मुलाशी बोले आणि बाहेर लाल आकडे पळत. रात्री अकरानंतर दर पाव होई, म्हणून रात्री रांग लागे. ज्या कुटुंबातली भांडणे भिंतीबाहेर गेली नव्हती ती त्या रांगेने ऐकली. बूथवाल्याने तर सारेच ऐकले. कोणाचा मुलगा पैसे पाठवत नाही, कोणाची मुलगी सासरहून निघून आली, कोणाच्या जावयाला मुंबईत काय आजार झाला. हे सारे त्याच्या कानांत साठत गेले, आणि माझ्या माहितीप्रमाणे त्यातले काहीही त्याच्या तोंडून कधी बाहेर पडले नाही. हे आधीच सांगतो, कारण पुढे मी त्याची तक्रार करणार आहे.

३० सप्टेंबर १९९३. आदल्या दिवशी गणपतीचे विसर्जन झालेले. पहाटे चार वाजायला चार मिनिटे असताना किल्लारीची जमीन हलली. लातूर आणि उस्मानाबाद जिल्ह्यांतली बावन्न गावे जमीनदोस्त झाली, दहा हजारांच्या आसपास माणसे गेली. दगडमातीच्या जाड भिंती आणि वर मातीचे भरगच्च माळवद ही आमच्या भागातली थंडगार घरे. तीच झोपलेल्या माणसांवर कोसळली. पुण्यात सकाळी बातम्यांत सास्तूरचे नाव ऐकले आणि मी कोपऱ्यावरच्या बूथवर जाऊन येरमाळ्याचा नंबर फिरवू लागलो. या मार्गावरील सर्व लाइन्स व्यस्त आहेत, हे वाक्य त्या दिवशी मी किती वेळा ऐकले असेल याची गणती नाही. त्या ध्वनिमुद्रित बाईच्या आवाजात कसलाच चढउतार नव्हता. दुपारी तीनच्या सुमारास लाइन लागली.

"मामा सास्तूरकडंच गेल्यात," बूथवाला म्हणाला. "मावशींची आजून काय खबर न्हाई. तुम्ही निघून या."

खबर नाही म्हणजे आशा आहे, असा मी त्याचा अर्थ घेतला. मी दोन घोंगड्या घेतल्या. मावशीला साखरेचा आजार होता, तिच्या गोळ्या ढिगाऱ्यात गेल्या असतील म्हणून औषधाच्या दुकानातून महिन्याच्या गोळ्या घेतल्या. रात्रीची एस.टी. पकडली. बार्शीपर्यंत गाडीत सारे भूकंपाचेच बोलत होते. मी त्यांत बोललो नाही, कारण ज्याच्या घरचे माणूस शिल्लक आहे त्याने फार बोलू नये असे मला वाटत होते. पहाटे येरमाळ्याला उतरलो तेव्हा मामा अंगणात बसलेले होते. त्यांनी मला एकच वाक्य सांगितले. मग कळले की उमरग्याकडून आदल्या दिवशी बारालाच बूथवर फोन आला होता आणि तो निरोप बूथवाल्यानेच मामांना नेऊन दिला होता. म्हणजे तीन वाजता माझ्याशी बोलताना त्याला सारे ठाऊक होते.

गोळ्यांची ती पुडी कितीतरी वर्षे माझ्या कपाटात होती.

मी त्याला जाब विचारला तो फार उशिरा. मोबाइल आले आणि बूथ बंद पडला. त्याने तिथेच चहाचे दुकान टाकले होते. बसून चहा पिताना मी म्हटले, "काका, त्या दिवशी तुम्ही माझ्याशी खोटं बोललात."

त्याने ते नाकारले नाही. विसरलोही म्हणाला नाही. म्हणाला, "तिकडं तुम्ही एकटं. काचंच्या पेटीत हुबं. मी सांगितलं असतं तर तुमी रडला असता, आन् वर मीटर पडत ऱ्हायलं असतं. मानसानं मीटरवर रडावं का?"

मला उत्तर सुचले नाही, आणि ते आजही नीटसे सुचलेले नाही.

वाचक म्हणतील, यात एवढे काय आहे? आपल्याकडे मृत्यूची तार कधी मृत्यूची म्हणून येत नसे. प्रकृती गंभीर आहे, ताबडतोब निघा, एवढेच तिच्यात असे, आणि ती हातात पडताच घरातल्या बायका रडू लागत. खरे आहे. पण ते खोटे नव्हते. ती परिभाषा होती, आणि पाठवणाऱ्याला आणि घेणाऱ्याला, दोघांनाही ती ठाऊक होती. तारखात्याजवळ तर शुभेच्छांची ठराविक वाक्ये क्रमांक घालून तयार असत. दिवाळीला कित्येक घरांत आलेल्या प्रेमाचा प्रवास तारेवरून एका आकड्याच्या रूपाने झालेला होता. २०१३ च्या जुलैत तारसेवाच बंद झाली आणि ती सारी परिभाषा संपली. 'खबर नाही' हे मात्र कोणत्याही परिभाषेत बसत नाही. मी त्याचा सरळ अर्थ घेतला आणि त्याने तो मला घेऊ दिला.

मधल्या माणसाचा हा प्रश्न कायद्याला फार जुना आहे. १८८५ च्या टेलिग्राफ कायद्याच्या सव्विसाव्या कलमाने तारखात्याच्या नोकराला बजावले होते की, त्याने निरोप जाणूनबुजून दडवला, बदलला किंवा भलत्याला सांगितला तर तीन वर्षांपर्यंत कैद होईल. इंग्रजाचा हा कायदा देशाला सव्वाशे-दीडशे वर्षे पुरला. त्याच्या जागी नवा दूरसंचार कायदा आला तो २०२३ साली. त्या कलमामागची कल्पना मोठी स्वच्छ आहे. मधला माणूस म्हणजे पन्हळ : या टोकाला पडलेले पाणी त्या टोकाला जसेच्या तसे निघाले पाहिजे. पन्हळीने पाणी गोड करायचे नाही आणि गरमही करायचे नाही.

पण माणसाला पन्हळ करता येत नाही, हे लोकांच्या लवकरच ध्यानात आले. अमेरिकेतल्या कॅन्सस सिटीत आल्मन स्ट्रोजर नावाचा एक माणूस अंत्यविधीचे सामान पुरवण्याचा धंदा करीत असे. टेलिफोनच्या केंद्रावर बसणारी बाई आपली गिऱ्हाइके मुद्दाम प्रतिस्पर्ध्याकडे जोडून देते असा त्याला संशय आला, अशी गोष्ट सांगतात. मेलेल्या माणसाचे नातेवाईक एकाला बोलावतात आणि दुसराच येतो! त्या चिडीतून त्याने बाईची गरजच न ठेवणारे, आपोआप जोडणी करणारे यंत्र काढले. त्याचे पेटंट १८९१ सालचे आहे. पुढे पाऊण शतक जगभरच्या शहरांत फोन जोडणारी यंत्रे त्याच्या कल्पनेवर चालली. म्हणजे मधला माणूस काढून टाकण्याची ही सारी खटपट मुळात मृत्यूच्या निरोपावरून सुरू झाली, हे मला फार अर्थपूर्ण वाटते.

यंत्र आमच्याकडे खेड्यापर्यंत पोचायला पुढे जवळजवळ शंभर वर्षे लागली. मुंबई, कलकत्ता आणि मद्रास येथे टेलिफोनची केंद्रे १८८२ च्या जानेवारीत उघडली होती. मध्ये कोणी न बसता एका शहरातून दुसऱ्या शहराचा नंबर फिरवण्याची सोय प्रथम लखनौ-कानपूर या मार्गावर १९६० साली झाली. खेड्याची अडचण निराळी होती. परदेशी यंत्राला गार, धूळ नसलेली खोली लागे. ती येरमाळ्यासारख्या गावाने कोठून आणावी? १९८४ साली स्थापन झालेल्या सी-डॉट या सरकारी संशोधनसंस्थेतल्या तरुण अभियंत्यांनी उन्हात, धुळीत, गारव्याच्या यंत्रावाचून चालेल असे लहानसे केंद्र बनवले. पुढच्या काही वर्षांत ते देशभर गावोगाव बसले, आणि त्याच्या मागोमाग पिवळ्या पाट्या आल्या.

तारेचा खर्च कोणी सोसायचा हाही एक नीतीचाच प्रश्न होता, आणि तो आपण बऱ्यापैकी सोडवला असे मला वाटते. डोंगरावरच्या चाळीस घरांसाठी खांब रोवणे कधीच परवडत नाही. तेव्हा असे ठरले की, फोनच्या धंद्यातल्या प्रत्येक कंपनीने आपल्या उत्पन्नातला पाच टक्के भाग द्यावा आणि त्यातून न परवडणाऱ्या गावांना फोन मिळावा. हा निधी २००२ पासून आहे. आता त्याचे नाव डिजिटल भारत निधी. शहरातला माणूस फोनवर गप्पा मारतो तेव्हा त्यातला एक कण नकळत कुठल्यातरी वाडीच्या मनोऱ्याला जातो. ग्रामपंचायतीपर्यंत काचेची तार नेण्याचे कामही याच पैशातून चालले आहे. तो सारा पैसा वेळेवर आणि नीट खर्च होतो असे कोणी म्हणणार नाही. पण तत्त्व मान्य झाले, आणि तत्त्व मान्य होणे ही लहान गोष्ट नव्हे.

मग मोबाइल आला, तो प्रत्येकाच्या खिशात गेला, आणि आम्हा सर्वांना वाटले की मधला माणूस एकदाचा संपला. आता आई थेट लेकाशी बोलेल. दार न लागणारे काचेचे खोपटे गेले, मीटर गेले, रांग गेली. आणि खरोखरच बोलण्यापुरता तो संपलाही.

पण तो दुसऱ्या दाराने परत आला. तार घरापर्यंत आली म्हणजे तारेतून येणारी वस्तूही घरात आली, असे आपण धरून चाललो होतो. सातबारा आता तलाठ्याच्या दफ्तरात अडकून पडत नाही, हे उत्तम झाले. पण तो जिथे मिळतो तिथे इंग्रजी कळावे लागते, चौकोनातली वाकडी अक्षरे वाचून परत लिहावी लागतात, मोबाइलवर आलेले सहा आकडे ठराविक वेळात भरावे लागतात. पीक बुडाल्याची खबर बहात्तर तासांच्या आत द्या, असा विम्याचा नियम काही वर्षे होता. ज्याच्या शेतात गुडघाभर पाणी आहे त्याने ती आधी छायाचित्र काढून मग द्यायची. २०२५ च्या सप्टेंबरात परंडा-भूम भागात पुराने गावेच्या गावे वेढली, तेव्हा खचलेले रस्ते तुडवून माणसे कोठे गेली असतील, तर अशाच एखाद्या दुकानाच्या बाकावर. म्हणून तो ऑनलाइनवाला. बूथवाल्याच्या कानात फक्त बोलणे पडत असे. या मुलाच्या हातात मोबाइल आहे, आधारचा नंबर आहे, बँकेचे खाते आहे, अंगठा आहे. 'ओटीपी सांगा, आज्जी' असे तो म्हणतो, आणि आज्जी मोबाइलच त्याच्याकडे सरकवते. मग तो तो आकडा मोठ्याने वाचतो आणि बाकावरचे चौघे ऐकतात. ओटीपी कोणालाही सांगू नका, असे त्याच संदेशात लिहिलेले असते.

अंगठ्याची तर निराळीच कथा. राबून राबून ज्यांच्या अंगठ्यावरच्या रेघा पुसल्या गेल्या आहेत, त्यांना ती डबी ओळखत नाही. जन्मभर ज्या हातांनी काम केले तेच हात माझे आहेत हे सिद्ध करायला म्हातारीला चार-चार वेळा बोट पुसावे लागते. अशा वेळी मला येरमाळ्याच्या देवीची गोष्ट आठवते. सीतेला शोधत राम रानोमाळ हिंडत असता पार्वतीने त्याची परीक्षा पाहण्यासाठी सीतेचे रूप घेतले. रामाने ना अंगठा मागितला ना आकडा. पाहताच ओळखले आणि म्हणाला, आई, तू वेडी आहेस का? म्हणून ती येडाई. ओळख पटणे आणि ओळख पटवणे यांत केवढे अंतर आहे!

आमच्या भागाला अंगठ्याचा जुना अनुभव आहे. सावकाराच्या कागदावर काय लिहिले आहे हे न कळता अंगठे उठवून पुणे-नगरकडच्या शेतकऱ्यांची घरेदारे गेली, आणि १८७५ साली सुप्याला त्यांनी सावकारांचे दस्त जाळले. त्या दंग्यानंतर सरकारने १८७९ चा कायदा केला. त्यात एक शहाणपणाची तरतूद होती : शेतकऱ्याचा दस्त सावकाराच्या कारकुनाने लिहायचा नाही, तो गावासाठी नेमलेल्या निबंधकाच्या देखरेखीखाली लिहिला गेला पाहिजे. मधला माणूस लागणारच असेल, तर तो निदान दुसऱ्या पक्षाचा नोकर नसावा, एवढे त्या सरकारलाही कळले. तो कायदा बार्शीला लागू होता. येरमाळा निजामाच्या राज्यात, म्हणून इथे नव्हता. मधे तीस-पस्तीस किलोमीटरचे अंतर! आजचा ऑनलाइनवाला कोणाचा नोकर आहे? सरकारचा म्हणावा तर पगार नाही. फॉर्ममागे चार पैसे मिळतात. म्हातारीचा म्हणावा तर तिने त्याला नेमलेले नाही. तो चौकातला एक मुलगा आहे, आणि त्याच्या नीतीवर निम्म्या तालुक्याचे गुपित उभे आहे.

कोणी म्हणतात, खेड्यात कसले आले गुपित? सर्वांना सर्व ठाऊक असते. गुपित ही बंगल्यात राहणाऱ्यांची चैन आहे. याला पुष्टी देणारी उदाहरणेही आहेत. विसाव्या शतकाच्या आरंभी अमेरिकेतल्या शेतकऱ्यांना टेलिफोन कंपन्या तार देईनात, तेव्हा काही ठिकाणी त्यांनी कुंपणाच्या काटेरी तारेलाच आपले फोन जोडले. एका तारेवर दहा-वीस घरे असत. घंटा वाजली की सारेच कानाला लावीत आणि कोणाची गाय व्याली ते सर्वांना कळे. आग लागली तर सगळे एकदम बादल्या घेऊन धावत हेही खरे. आमच्याकडे वारणानगरच्या परिसरातल्या सत्तर गावांत १९९८ साली संगणकाची केंद्रे उघडली. उसाचे वजन किती भरले, पैसे किती निघाले हे शेतकऱ्याला गावातच कळावे हा त्यातला एक हेतू. माहिती चारचौघांत उघडी झाली की मधला लबाड माणूस उपाशी मरतो, हे मलाही मान्य आहे.

पण उसाचे वजन आणि घरातले दुःख या एका जातीच्या वस्तू नव्हेत. गरिबाजवळ आपले म्हणावे असे फार थोडे असते, आणि त्या थोड्यांत त्याचे गुपित असते. त्या म्हातारीच्या मुलाने काय केले हे गावाला ठाऊक असेल. परंतु गावाला ठाऊक असणे आणि बाकावरच्या चौघांसमोर ते तिला वाचून दाखवले जाणे या दोन गोष्टी निरनिराळ्या. पहिलीत तिला मान वर करून चालता येते. दुसरीनंतर उद्या कोणी विचारले, तर तिला मुलाच्या बाजूने खोटे बोलण्याचीही सोय उरत नाही.

आता त्या दोन खोट्यांकडे येतो. बूथवाल्याने मला फसवले ते एका रात्रीपुरते. निरोप मला मिळणारच होता. कुठे आणि कोणाकडून एवढेच त्याने ठरवले. त्याच्या मते ते त्याने माझ्यासाठी केले. मी मात्र म्हणतो की, तीन वाजल्यापासून पहाटेपर्यंतचा माझा शोक माझा होता, तो पुढे ढकलायला मी त्याला सांगितले नव्हते. त्या रात्री मी एका जिवंत मावशीसाठी गोळ्या घेऊन बसलो होतो, आणि मला असे बसवण्याचा अधिकार कोणालाच नव्हता. हे मी मनाशी पुष्कळ वेळा घोकले आहे. घोकावे लागते याचाच अर्थ असा की माझी पुरती खात्री नाही. कारण मीटरवर रडावे का, हा प्रश्न मध्येच उभा राहतो, आणि खरे सांगायचे तर त्या पुण्याच्या काचेच्या पेटीत मी काय केले असते याची कल्पना मला करवत नाही.

मुलाचे खोटे बाहेरून लहान दिसते. सर्व्हरचे नाव सांगून तर आजकाल सारेच वेळ काढतात. परंतु त्याच्या खोट्याला पहाट नाही. तो गप्प राहिला तर म्हातारीला हे कधीच कळणार नाही, कारण तिचे डोळे तोच आहे. पुढचा हप्ता येईल, तोही असाच जाईल, आणि ती पुन्हा रुमालातून मोबाइल काढून त्याच टेबलावर ठेवील. बूथवाल्याने निरोपाची वेळ बदलली. या मुलाला निरोप नाहीसाच करता येतो. म्हणून मला वाटते, मधल्या माणसाने कसे सांगावे, कोणासमोर सांगावे, अर्धा तास थांबून सांगावे, एवढे स्वातंत्र्य त्याला द्यावे. सांगावे की नाही, हे त्याच्या हातात नाही. आणि हे म्हणताना मला हेही कबूल केले पाहिजे की, तो संदेश मीही वाचला होता, मला तिचे नाव ठाऊक नव्हते, माझा सातबारा हातात आला होता, आणि उठून जावे असे माझ्या मनात येऊन गेले होते.

मी उठलो नाही, पण त्यात माझे काही श्रेय नाही. बाहेर ऊन होते, एवढेच.

मुलाने मोबाइल उलटा करून टेबलावर ठेवला. मग संगणकावर काहीतरी केले आणि प्रिंटरमधून एक कागद आला. त्याने त्याची घडी घातली आणि म्हातारीच्या हातात दिली.

"आज्जी, ह्यो खात्याचा कागद. घरी कुणी वाचणारं आसंल त्येला दाखवा."

म्हातारीने घडी उलगडली. कागद उलटा होता. तिने तो परत त्याच्यापुढे धरला.

"घरी कोण हाय वाचणारं? तूच वाच की."

मुलगा क्षणभर बसून राहिला. मग उठला आणि बाकावरच्या आम्हा सर्वांकडे वळून म्हणाला, "काका, तुमी समदे जरा च्या घेऊन या. मशीन गरम झालीया, धा मिन्टं बंद ठेवतो." चौघे उठले. मी पोरगा समजूतदार आहे असे मनात म्हणत बसूनच राहिलो होतो. मी लिहिणारा माणूस, मला यातून वगळले असणार अशी माझी समजूत.

"तुमी बी, सर," तो म्हणाला.

आम्ही समोरच्या चहाच्या दुकानात गेलो. बूथवाले काका आता राहिले नाहीत. त्यांचा नातू कप विसळत होता. रस्त्यापलीकडे दुकानाचे काचेचे दार त्याने ओढून घेतले होते, आणि ते नीट लागलेही होते. आतून काही ऐकू येत नव्हते. मुलगा खुर्ची सोडून म्हातारीशेजारी बाकावर बसला होता आणि कागदावर बोट ठेवून एक एक ओळ सांगत होता. मध्ये एकदा त्याचे बोट थांबले. म्हातारीने काही विचारले असावे. त्याने मान हलवली, पण ती हो म्हणून की नाही म्हणून, हे मला एवढ्या अंतरावरून कळले नाही.

थोड्या वेळाने ती बाहेर आली. कागदाची बारीक घडी करून तिने ती कमरेच्या पिशवीत, रुमालाच्याही आत, ठेवली. रस्ता ओलांडून आमच्याजवळ आली आणि चहावाल्या पोराला विचारू लागली की, कळंबला जायला आता गाडी कधी आहे.